‘असाध्य’च्या पुढचं पान

आक्का,

तुला आई म्हणून मी कधी हाक मारलीच नाही. मामा तुला आक्का म्हणायचा, ते ऐकून मीही आक्काच म्हणायला लागले आणि तू कधी मोडता घातला नाहीस. आता मी पंचावन्नची झाले. तू गेलीस तेव्हा तू चाळिशीसुद्धा गाठली नव्हतीस. म्हणजे वयानं आज मीच तुझी आक्का. अक्षर वेडंवाकडं दिसेल, त्याचं कारण पुढं येईलच. तुला वाचता येत नव्हतं आणि तू जिथं आहेस तिथं टपाल जात नाही, हे ठाऊक असून कागद पुढ्यात घेऊन बसले आहे. गेल्या महिन्यात गावात स्वराज्याची साखर वाटली, पेठेत तोरणं लागली, माझ्याही दारात कुणीतरी साखरेची पुडी ठेवून गेलं. ती कुणाच्या हातावर ठेवावी म्हणून मी घरात मागं वळून बघितलं आणि मग माझी मीच खाल्ली. त्याच आठवड्यात एक गोष्ट घडली, तिनं जुनं सगळं उकरून वर काढलं. ते सांगायला घरात माणूस नाही. भिंतींना किती सांगणार? त्यांना माझं सगळं पाठ झालं आहे.

मला पहिल्यांदा आठवतात त्या तुझ्या पापण्या. वखारीतून तू घरी यायचीस तेव्हा पापण्या पिवळ्या झालेल्या असायच्या, हळदीत बुडवून काढल्यासारख्या. तिथं तंबाखू कुटायची, काड्या वेगळ्या काढायच्या, भुकटी चाळायची. वीस-पंचवीस बायका एका छपराखाली तोंडाला पदर बांधून बसायच्या आणि पदर किती बांधला तरी ती भुकटी नाकातोंडात जायचीच. परसात दगडावर उभी राहून तू आधी डोकं झटकायचीस, मग तोंड धुवायचीस, आणि मगच मला जवळ येऊ द्यायचीस. “लांब ऱ्हा गं, शिंकशील,” म्हणायचीस. मला तू वखारीच्या दारातून आत पाऊल टाकू दिलं नाहीस. बरोबरीच्या मुली आयांबरोबर कामाला जायच्या, मी मात्र घरात. वडील मी पाळण्यात असतानाच पटकीनं गेलेले. माझं लग्न नवव्या वर्षी झालं आणि दहाव्या वर्षी कपाळ पांढरं झालं. ज्याच्यामुळं झालं त्याचं तोंडही मला आठवत नाही. तेव्हापासून घरात तू आणि मी, आणि दिवसभर तर मी एकटीच. लोकांच्या जुन्या लुगड्यांच्या वाकळा शिवायच्या आणि दुपारी तुझी भाकरी वखारीच्या दारापर्यंत नेऊन द्यायची, एवढंच माझं जग.

त्या दारातच मी अक्षरं शिकले. तंबाखूचे मोठमोठे बोद, गोणपाटात शिवलेले गठ्ठे, बाहेर रांगेनं पडलेले असायचे आणि प्रत्येकावर व्यापाऱ्याच्या नावाचं अक्षर काळ्या रंगानं काढलेलं. तुझी सुट्टी व्हायची वाट बघत मी ती अक्षरं बोटानं गिरवायची. मग पेठेतल्या काष्ठौषधीच्या दुकानातल्या आप्पांना विचारायची, “आप्पा, पोटात गाठ असल्यावाणी अक्षर कंचं?” ते जैन गृहस्थ, घरात कानडी बोलायचे आणि गिऱ्हाइकाशी मराठी. हसून सांगायचे, “ते ‘ब’ गं. तुझ्या पोटात भूक हाय, त्याच्या पोटात रेघ हाय.” असं करत मिरच्यांच्या पुडीचा कागदसुद्धा मी उलगडून वाचायला लागले. पंधराव्या वर्षापर्यंत अडखळत का होईना, छापलेलं सगळं मला लागायला लागलं. तू वखारीत सगळ्या बायकांना सांगितलंस, “माझी पोर पुडी वाचती.” त्यांनी तुझी टर उडवली, “पुडी वाचून मिरची गोड लागती व्हय?” ते तूच मला हसत हसत सांगितलंस.

दुखणं हत्तीच्या पावलानं येतं आणि मुंगीच्या पावलानं जातं म्हणतात. तुझं आलंच मुंगीच्या पावलानं. आधी नुसता खोकला, मग जिना नसलेल्या घरात जिना चढल्यासारखी धाप, मग एक दिवस तू परसातल्या दगडावर बसलीस ती उठलीच नाहीस. छातीत कुणीतरी पावा वाजवतंय असा आवाज. दमा, हे शेजारणींनी सांगितलं, वैद्याची गरज पडली नाही. अडुळशाचा रस झाला, सुंठ-मध झाला, कुणाचा तरी अंगारा झाला. महिन्यात चार-पाच दिवस तू कामाला जाऊ शकायची नाहीस. मग तू दाराशी उजेडात भिंतीला टेकून बसलेली, गुडघे वर, गुडघ्यांवर कोपरं, मान पुढं. मी शेजारी वाकळ पसरून टाके घालते आहे. धाप जरा उतरली की तू तुझ्या लहानपणचं सांगतेस, मामानं विहिरीत कासव कसं पाळलं होतं ते सांगतेस. पुन्हा खोकला येतो, मी पाठ चोळते, तुझ्या पाठीचे मणके माझ्या तळहाताला पाठ आहेत.

एकदा आप्पांच्या दुकानात सुंठ घ्यायला गेले होते. त्यांनी पुडी बांधायला एका जाड पुस्तकाचं पान फाडायला घेतलं आणि मी वरचं वाचलं. घरगुती औषधांचं पुस्तक होतं, पुठ्ठा नसलेलं, पुढची पानं आधीच लोकांच्या घरी हिंग-जिऱ्याबरोबर गेलेली. मी म्हटलं, “आप्पा, ते फाडू नगासा. त्यात दमा हाय का बघते.” त्यांनी पुस्तकच माझ्या हातात ठेवलं. “ने. निम्मं पुस्तक हाय, निम्मा दमा तरी जाईल.” मी वाटेतच पानं चाळली. दमा होता! लग्नघरचं आवतण मिळाल्यासारखी मी पळत घरी आले.

ती दुपार मी विसरले नाही. तू बसलेली, मी वाचते आहे. ‘या विकाराचा रोगी आडवा झाला असता गुदमरतो. गुडघ्यांवर कोपरे टेकून, मान पुढे काढून बसतो. बोलताना वाक्य पुरे करू शकत नाही. कफ पडला म्हणजे घटकाभर सुख वाटते.’ तू एकदम हात वर केलास. “थांब. पुन्हा वाच.” मी पुन्हा वाचलं. तू आपल्या गुडघ्यांकडं बघितलंस, कोपरांकडं बघितलंस, आणि हसायला लागलीस. हसता हसता खोकलीस, पण हसायची थांबेनास. “कुणी गं लिवलंय हे? खिडकीतनं मला बघून गेला जनू कोन तरी!” त्या दिवसापासून धाप लागली की तू म्हणायचीस, “मी बसती कशी ते वाच.” औषधांच्या ओळी तुला नको असायच्या, एवढा एकच उतारा पाहिजे असायचा. त्याचं नवल वाटायचं मला तेव्हा. आता समजतं. वखारीतल्या बायका म्हणायच्या सोंग करते, शेजारीण म्हणायची नजर लागली, आणि एका अनोळखी माणसानं, तुला कधी न बघता, तुझं बसणं खरं धरलं होतं. पुस्तक तू कोऱ्या फडक्यात बांधून देवाच्या कोनाड्यात ठेवलंस. पुढं मी वाचलंच नाही, कारण तू पुढं जाऊच द्यायची नाहीस.

मग मामा आला. तो गुंजीला रेल्वेच्या रुळांवर कामाला होता, तिथंच रानाच्या कडेला त्याचं घर. तांदळाचं गाठोडं खांद्यावर घेऊन आला आणि तुला बघून दारातच उभा राहिला. “आक्के, काय गं ही दशा? चल माझ्यासंगट. दोघीबी चला. तिकडं झाडं हाईत, हवा हाय. धुरळ्याचं नाव न्हाय.”

“आनि तुझी बायकू?”

“तिचं काय? ती बी मानूसच हाय.”

“मानूस हाय म्हनूनच इचारते.”

“पाच पोरं हाईत घरात, ती एकटी पुरी पडंना. तू नुसती बसून सांग, ती करील. ही पोरगी बी तिच्या हाताखाली येईल. दोन पानं वाढली म्हनून काय घर वाकतंय?”

भावाच्या दारात जाऊन राहायचं म्हणजे काय, ते तुझ्या मानी स्वभावाला ठाऊक होतं. पण छातीतला पावाही वाजत होता. शेवटी तू म्हणालीस, “उद्या कौल लावते.” मामाला वाटलं देवळात जाणार. आपल्याकडं अडलेल्या कामाला देवाच्या अंगाला कळ्या चिकटवून कौल लावतात, उजवी कळी पडली की होकार, डावी पडली की नकार. आणि एकदा पडलेला कौल पुन्हा विचारायचा नाही, देवाला राग येतो. तू दुसऱ्या दिवशी सकाळी न्हालीस, कोनाड्यातलं पुस्तक काढलंस, त्याला हळद-कुंकू वाहिलंस आणि माझ्यापुढं पाटावर ठेवलंस.

“हे बघ,” तू मामाला म्हणालीस, “पोथी म्हनाली बरं हुतंय, तर मी हितंच ऱ्हाते, कुनाच्या दारात जात न्हाय. न्हाय हुत म्हनाली, तर तुझ्यासंगं येते. मग तू मला खांद्यावर घेऊन चल, न्हायतर हातानं धरून.” आणि मला म्हणालीस, “दम्याचं म्होरलं वाच. बरं हुतंय का न्हाय, तेवढंच वाच.”

मी पान काढलं. तुझा आवडता उतारा ओलांडून खाली गेले. खाली ठळक अक्षरांत लिहिलं होतं, ‘साध्यासाध्य विचार’. म्हणजे कोणतं दुखणं बरं होतं आणि कोणतं होत नाही, त्याचा विचार. त्याखाली दोन ओळी. दमा नवा असेल तर बरा होतो. आणि पानाच्या अगदी तळाशी, ‘ज्यास वर्षे लोटली असा जुना दमा असाध्य समजावा.’ पान तिथंच संपलं.

माझं बोट त्या शेवटच्या ओळीवरच राहिलं. तू विचारलंस, “काय गं, अक्षर लागंना?”

“लागतंय.”

“मग वाच की.”

मी वाचलं, “जुना दमा असला तरी पथ्यानं जातो. वर्षभरात जातो.”

“वर्सात?”

“व्हय.”

तू पुस्तकाकडं बघितलं नाहीस. तुझी नजर माझ्या तोंडावर होती आणि ती तिथं जरा जास्तच वेळ राहिली. मग पुस्तक उचलून डोक्याला लावलंस, फडक्यात बांधलंस, कोनाड्यात ठेवलंस. मामाला म्हणालीस, “पोरीनं सांगितलं, बरं हुतंय. जा तू. तांदूळ ग्वाड हाईत, पुन्यांदा आन.” मामा गेला. जाताना त्यानं माझ्या डोक्यावरून हात फिरवला आणि म्हणाला, “शानी गं माझी भाची.” तो हात अजून टोचतो.

कौल लागला होता, म्हणून ते पान पुन्हा कुणी काढलं नाही. तू कामाला जात राहिलीस. वर्ष गेलं. दमा गेला नाही. वर्ष झालं हे तुलाही ठाऊक होतं आणि मलाही, पण त्याबद्दल तू चकार शब्द काढला नाहीस, मला दोष दिला नाहीस, पोथी खोटी निघाली असंही म्हणाली नाहीस. त्यानंतरच्या उन्हाळ्यात, वखारी अगदी भरात असताना, एका दुपारी बायकांनी तुला बैलगाडीतून घरी आणलं. पापण्या पिवळ्याच होत्या, त्या दिवशी धुवायला कुणी दगडापर्यंत नेलं नाही. मी वाकळांची गुंडाळी करून पाठीशी दिली. तू गुडघ्यांवर कोपरं टेकलीस. एकेक शब्द तोडून म्हणालीस, “मी… बसती… कशी…” पुस्तक काढायला उठले असते तर तुझी पाठ सुटली असती, म्हणून मी तसंच तोंडपाठ म्हटलं. ‘कफ पडला म्हणजे घटकाभर सुख वाटते’ इथपर्यंत आले तेव्हा तुझी मान माझ्या दंडावर होती.

त्यानंतर आठ वर्षं मी त्या फडक्याची गाठ सोडली नाही. वाकळा शिवत राहिले. मामानं दोनदा बोलावलं, गेले नाही. कोनाडा झाडताना पुस्तक उचलायचं, पुसायचं, ठेवायचं. मग एक दिवस शेजारची बाई आली, तीही वखारीतलीच, कडेवर मुलगा, छातीत तोच पावा. म्हणाली, “तुझ्याकडं दम्याची पोथी हाय म्हनं. काढ की. माझा कौल येगळा, तुझ्या आईचा येगळा.” मी नाही म्हणू शकले नाही. पान काढलं आणि या खेपेला जसं होतं तसं वाचलं. असाध्य समजावा, हेही वाचलं. ती बाई डोळे मिटून ऐकत होती. तिनं डोळे उघडले आणि अगदी साधं विचारलं, “मग? म्होरं काय लिवलंय?”

आक्का, हे मला कधी सुचलंच नव्हतं. त्या शब्दापाशी सगळं संपतं अशीच माझी समजूत होती. मी पान उलटलं. मागल्या बाजूला पहिल्या ओळीपासूनच पुढचं होतं. ‘असाध्य म्हणजे रोगी लवकर दगावतो असा अर्थ कोणी घेऊ नये. विकार मुळापासून जात नाही, इतकेच. जपून राहणारा रोगी त्याच्यासह पुष्कळ वर्षे काढतो. धूळ, धूर, तंबाखूची भुकटी यांपासून त्याने दूर राहावे. राहत्या गावी ते न जमल्यास गाव बदलावे.’

मी ते दोनदा वाचलं. बाई म्हणाली, “हे तुझ्या आईला वाचून दावलं न्हवतंस व्हय?” मी म्हटलं, “पानं चिकटली होती.” खोटं बोलायचा तोही एक सरावच. ती बाई त्याच आठवड्यात वखार सोडून कोगनोळीला माहेरी गेली, शेतावर राहिली. तीस वर्षं दम्याला घेऊन जगली. गेल्या वर्षी गेली, तीही म्हातारपणानं. दर जत्रेला मला भेटायला यायची, माझा हात धरून म्हणायची, “तू जीव दिलास मला.” मी हात सोडवून घ्यायची आणि चहा टाकायला उठायची.

त्या दिवसापासून मला एक नाद लागला. बरं न होणाऱ्या दुखण्याबद्दल छापलेलं जे मिळेल ते मी गोळा करत गेले. आप्पा असेपर्यंत त्यांनी रद्दीतून काढून दिलं, नंतर बेळगावहून कुणाकुणाकरवी मागवलं. क्षय, महारोग, मधुमेह, पक्षाघात, पोटातली गाठ. गल्लीतल्या बायका म्हणायच्या, “हिच्या घरात बरं हुनारं एकबी दुखनं न्हाय.” हसायच्या आणि अडल्या की माझ्याचकडं यायच्या. मी वाचून दाखवायची, पण पान उलटल्याशिवाय पुस्तक मिटायचं नाही हा नेम. किती पुस्तकं अशी निघाली, की जी त्या एका शब्दावर येऊन खरंच थांबत होती, पुढं कोरं. लिहिणाऱ्याचाही हात तिथं थिजला असावा. अशा वेळी पुढचं मी बोलायची. म्हणायची, “बाई, जाऊ वाईट मिळाली तर आपण काय करतो? तिला घराबाहेर काढता येत नाही. मग तिची चूल कुठं, आपली कुठं, तिला काय बोललं की भडकते, हे सगळं शिकून घेतो आणि संसार करतो. हे दुखणं तुझी जाऊ.” कुणी रडायची, कुणी खुदकन हसायची. माणूस असाध्य झाला की भोवतीचे लोक त्याच्याशी बोलताना आवाज बदलतात. तो अजून घरात असतो आणि त्याच्याविषयी बाहेरच्या सोप्यात बोलणं चालतं. दुखण्यापेक्षा ते एकटेपण जास्त पोखरतं, हे मी दुसऱ्यांच्या घरी पाहून पाहून शिकले.

आणि आता स्वतःच्या घरी. गेल्या वर्षापासून माझा उजवा हात थरथरतो. सुई ओवता येईना, मग टाका पडेना, मग आमटीची वाटी तोंडापर्यंत नेताना निम्मी पदरावर. त्या कोगनोळीच्या बाईचा मुलगा इथंच शाळेत मास्तर झाला आहे, मला मावशी म्हणतो. त्यानंच मला बेळगावला डॉक्टरांकडं नेलं. डॉक्टरांनी हात धरून बघितला, चालायला लावलं, मग मास्तरला बाहेर नेऊन इंग्रजीत काही सांगितलं. आत येऊन मला म्हणाले, “होईल बरं, आज्जी.” परतीच्या वाटेवर मास्तर खिडकीबाहेरच बघत होता. दोन दिवसांनी तो कंपवातावरचं एक छोटं पुस्तक घेऊन आला. मला ते हातात धरता येईना, अक्षरं नाचायला लागली, म्हणून तोच वाचायला बसला.

चांगलं वाचतो तो. चेहरा कसा थिजतो, पाऊल कसं घोटाळतं, सगळं माझंच. मी मनात म्हटलं, कुणी गं लिहिलंय हे. मग तो एका जागी थांबला. आणि हळूच म्हणाला, “नियमितपणे तेल चोळल्यास विकार बरा होतो.”

मी म्हटलं, “लेकरा, खरं वाच.”

“तेच वाचतोय की, मावशी.”

“न्हाय. आतापर्यंत छापलेलं वाचत होतास. आता तू बोललास.”

तो लाल झाला. “तुम्हांस्नी कसं कळलं?”

कसं कळलं ते त्याला काय सांगू! लहान मूलसुद्धा ओळखेल. डोळे ओळीवरून हलले नाहीत, आणि आवाज असा मऊ झाला की कुठलाही छापखाना इतका मऊ छापत नाही. मग त्यानं खरं वाचलं. जाणार नाही, वाढेल, पण सावकाश. मी त्याला पान उलटायला लावलं. पुढं काय करावं ते दोन पानं होतं. तो रडत होता आणि मी त्याला पोहे करून घालायच्या खटपटीत निम्मे पोहे जमिनीवर सांडत होते. तो गेल्यावर मी भिंतीला टेकून बसले आणि तेव्हा मला तुझी ती नजर आठवली. पुस्तकावर न पडलेली, माझ्या तोंडावर थांबलेली.

तुला कळलं होतं. चाळीस वर्षं मी समजत आले की मी तुला फसवलं आणि तू फसलीस. आक्का, ऐकणाऱ्याला कळतं. पंधरा वर्षांच्या पोरीचा आवाज तुला कळणार नाही? पावलांवरून तू मला ओळखायचीस. मग कळूनही तू मामाला परत का पाठवलंस? भावजयीच्या दाराची लाज म्हणावी, तर पोथी ‘न्हाय’ म्हणाली तर येते, असं तूच भावाला वचन दिलं होतंस. हे कोडं घेऊन मी महिनाभर बसले आहे आणि त्याचं एकच उत्तर पुन्हा पुन्हा समोर येतं. तू माझ्या तोंडाकडं बघून दमा बरा होतो का ते वाचलंच नाहीस. मला काय हवं आहे ते वाचलंस.

पानं चिकटल्याचं खोटं पुढं मी सोडलं आणि जगाला आजवर सांगत आले की तो शब्द माझ्यानं उच्चारवला नाही, आई खचेल म्हणून मी खोटं वाचलं. लोकही म्हणतात, लेकरू होतीस, मायेपोटी केलंस. तसं असतं तर बरं झालं असतं. हे पत्र मी कुणाच्या हाती लागू देणार नाही, मास्तरच्याही नाही. लिहून झालं की चुलीत घालीन. पण तुझ्यापुढं एकदा तरी छापलेलं असेल तसंच वाचते. त्या सकाळी ‘असाध्य’ वाचताना तू मरशील हे माझ्या मनात आलंच नाही. मनात आलं ते मामाचं घर. पाच पोरं, मामी, येणारे-जाणारे, आणि त्यांच्या मधे बसलेली तू, सगळ्यांना कासवाची गोष्ट सांगणारी. इथं तू दुखण्यानं घरी राहायचीस ते चार-पाच दिवस मला महिन्याकाठी मिळायचे, आणि त्या दुपारी तू माझी एकटीची असायचीस. मला गुंजीला जायचं नव्हतं.